इंगवले मॅडमचं मौन

"काय म्हणालीस?" इंगवले मॅडमनी कानाशी हात नेऊन विचारलं.

"माझा, म्हणाले," मी म्हटलं.

"कुणाला म्हणालीस? मनातल्या मनात देवाला?"

मुली खिदळल्या. मी गोलाच्या दोन खांबांमध्ये बॉल पोटाशी धरून उभी होते. मॅडम तरातरा माझ्यापाशी आल्या. ठेंगण्या, सावळ्या, अंगात निळा ट्रॅकसूट, केसांचा घट्ट अंबाडा. आमच्या कॉलेजच्या मुलींच्या फुटबॉल टीमच्या मुख्य प्रशिक्षक म्हणून त्यांचा तो पहिलाच दिवस, आणि गोलकीपर म्हणून मी त्यांच्या पदरात पडले होते.

"चंदना ना तू? हे बघ चंदे, बॉल वरनं यायलाय. तो तू घेणार आहेस. हे तुझ्या पोरींना कळायला नको? नाहीतर तूही उडी मारणार, ती उजाही मारणार, आणि दोघींची टाळकी एकमेकींवर आपटणार. गोलकीपरचे हात जरा कच्चे असले तरी मी चालवून घेईन. आवाज पाहिजे. असा." त्यांनी तोंड वर केलं. "माझाऽऽऽ!"

पाण्याच्या टाकीवरचे पारवे भर्रकन उडाले. रस्त्यापलीकडच्या सायकलच्या दुकानातला माणूस काय झालं म्हणून बाहेर आला.

"आता तू."

"माझा," मी म्हटलं.

"गेलेले पारवे परत येऊन बसले बघा मॅडम," उजा म्हणाली.

हळू बोलणं माझ्याकडं घरातूनच आलं होतं. हुपरीला आमच्या जैन घरी सकाळचा जाप झाल्याशिवाय कुणी मोठ्यानं बोलत नसे, आणि जाप झाल्यावरही फारसं कुणी बोलत नसे. कोल्हापूरला वसतिगृहात आले तेव्हा माझे नियम माझ्याबरोबर आले: दिवस मावळायच्या आत जेवण, गाळलेलं पाणी, जमिनीखाली वाढणारी भाजी नाही. फुटबॉलमध्ये मला ओढलं ते उजानं. उज्ज्वला साळोखे, माझ्या बाकावरची. तिचे चुलते, भाऊ सगळे पेठेतल्या तालमीच्या टीमकडून खेळायचे. "तू उंच आहेस," ती मला म्हणाली होती. "तुला काही करायचं नाही. खांबांच्या मधे उभं राहायचं आणि येईल ते धरायचं." ओरडावं लागतं हे तिनं सांगितलं नव्हतं.

त्याच संध्याकाळी जिमखान्याचे प्रमुख कारंडे सर मैदानावर आले. सर मनानं चांगले होते. कुणाला वाईट बातमी द्यायची असली की आधी चष्मा पुसायचे. त्या दिवशीही चष्मा पुसला.

"मॅडम, तुम्ही नवीन आहात, म्हणून आधीच कानावर घालतो. मुलींच्या टीमला प्राचार्यांनी एवढंच वर्ष दिलंय. विभागीय स्पर्धा जिंकली तर टीम राहील. नाहीतर पुढच्या वर्षापासून मुलींचं फुटबॉल बंद. दरवर्षी पहिल्याच मॅचला हरून परत येतात, मग प्राचार्यांचा तरी काय इलाज?"

"जिंकू की," मॅडम म्हणाल्या.

"नाही, म्हणजे मी आपलं..."

"जिंकू म्हटलं ना सर. तुम्ही निवांत चहा घ्या जावा."

सर गेले. मॅडमनी आम्हाला गवतात बसवलं आणि स्वतः उभ्याच राहिल्या.

"ऐकलंसा? मला लहानपणी खेळायला टीम नव्हती. भाऊ खेळायचे आणि मी गोलाच्या मागं उभी राहून बाहेर गेलेला बॉल आणून द्यायची. वर्षानुवर्षं. बॉल हातात आला की वाटायचं, घालावी एक लाथ. एकदा घातली, तर थोरल्यानं कान पिळला. तुम्हाला टीम आयती मिळालीय. ती गेली, तर तुमच्या मागनं येणाऱ्या पोरी परत गोलाच्या मागं. मला ते बघायचं नाही. कळलं?"

"हो मॅडम."

"चंदी सोडून सगळ्यांचं ऐकू आलं."

दुसऱ्या दिवसापासून सराव संपला की माझा वेगळा तास सुरू झाला. मैदानाच्या एका टोकाला मॅडम, दुसऱ्या टोकाला मी. मधे मुली गवतात पाय पसरून तमाशा बघायला बसायच्या.

"काल भाजी काय खाल्लीसऽऽ?" मॅडमचा आवाज यायचा.

"दोडका."

"ऐकू नाही आलंऽऽ!"

"दोडका!"

"बटाटा का नाही खाल्लासऽऽ?"

"खात नाही!"

"काऽऽ?"

"नियम आहे!"

"कायऽऽ?"

"नियम आहेऽऽऽ!"

आणि मुली पोट धरून लोळायच्या. पहिले काही दिवस मी रडकुंडीला आले. मग एका सकाळी मी "नियम आहे" म्हणाले आणि रस्त्यापलीकडनं सायकलवाला ओरडला, "कळलं बाई, नियम आहे, आता पुढं बोला!" मॅडम मैदान ओलांडून पळत आल्या आणि त्यांनी माझ्या पाठीत असा धपाटा घातला की मी चार पावलं पुढं गेले.

त्या दिवसांतलं आणखी एक मला नेहमी आठवतं. इचलकरंजीला सरावाची मॅच खेळून आम्ही टेम्पोतनं परत येत होतो. सूर्य उसाच्या शेंड्यांना टेकला होता. माझा डबा पिशवीत तसाच होता. टेम्पो हलत होता, पोरी गात होत्या, आणि आज उपास पडणार हे मी मनाशी धरलं होतं. मॅडम पुढं ड्रायव्हरजवळ होत्या. त्यांनी मागं वळून एकदा सूर्याकडं बघितलं, एकदा माझ्याकडं.

"थांबव रे," त्या ड्रायव्हरला म्हणाल्या. "चंदे, डबा काढ."

"मॅडम, एकटीसाठी कशाला..."

"एकटीसाठी कोण म्हणालं? उतरा सगळ्या. डबे काढा."

"आम्हाला कुठं नियम आहे?" उजा म्हणाली.

"आजपासनं आहे. ती बिचारी एकटी खाणार आणि तुम्ही घोळक्यानं तिचं तोंड बघणार? घास उतरेल काय तिला?"

बांधावर ओळीनं बसून आम्ही चटणी-चपाती खाल्ली. पुढं मॅच असली की सगळी टीम दिवस मावळायच्या आत जेवायची. उजानं त्याला 'चंदीची पंगत' असं नाव ठेवलं होतं.

मग गणपती उठले, आणि मॅडमचा आवाज बसला.

कोल्हापुरात मिरवणुकीनंतर अर्ध्या गावाचा आवाज बसलेला असतो. त्यात ह्या मैदानावर दिवसभर ओरडणाऱ्या. कुणालाच त्याचं काही वाटलं नाही. उजाच्या आईनं ज्येष्ठमध पाठवला. कारंडे सरांनी कंकोळ आणि खडीसाखर पुडीत बांधून आणली आणि वर म्हणाले, "मॅडम, जरा हळू ओरडत चला." मी वसतिगृहाच्या मावशींकडून हळदीचं पाणी गरम करून न्यायचे. मॅडम सगळ्यांचं सगळं घ्यायच्या. आवाज काही सुटला नाही. बोलल्या की चाळणीतनं वाळू पडल्यासारखं वाटायचं, आणि शेवटचे शब्द तर नुसते ओठांवर दिसायचे.

दसऱ्याच्या सुमाराला त्या दोन दिवस आल्याच नाहीत. तिसऱ्या दिवशी सकाळी आल्या त्या काही न बोलता. टाळी वाजवली, हातानं आम्हाला गोल उभं केलं, बोटानं जोड्या पाडल्या.

"मॅडम, रागावलात?" उजानं विचारलं.

त्यांनी मानेनंच नाही म्हटलं.

"मग बोला की."

त्या उजाकडं बघत राहिल्या. पोरी एकमेकींकडं बघायला लागल्या. चातुर्मास चालू होता. आमच्या हुपरीत त्या महिन्यांत कुणी ना कुणी मौन धरलेलं असायचंच. माझ्या आत्यानं एकदा चारही महिने धरलं होतं. मी पुढं झाले.

"मॅडम, मौन धरलंय?"

त्यांनी माझ्याकडं बघितलं. बराच वेळ बघितलं. मग हळूच मान डोलावली.

"दिवाळीपर्यंत?"

पुन्हा मान डोलावली.

मला काय आनंद झाला! ज्या बाईंच्या आवाजानं पारवे उडायचे, त्या बाईंनी मौन धरलं. एवढा अवघड नियम, आणि तोही ऐन मोसमात. मला वाटलं, टीमसाठी धरला असणार. मी मुलींकडं वळले.

"कुणी मॅडमना बोलायला लावायचं नाही. चुकूनसुद्धा नाही. मधे मोडलं तर सगळं वाया जातं."

"आणि आता आम्हाला शिव्या कोण देणार?" उजानं विचारलं.

मॅडमनी माझ्याकडं बोट केलं.

तेव्हापासून त्यांनी हातानं सांगायचं आणि मी ओरडायचं असं सुरू झालं. गोलातनं सगळं मैदान दिसतं, आणि रेषेवर उभ्या असलेल्या मॅडमही दिसायच्या. मूठ आवळली की डिफेन्सनं जवळ यायचं. तळवा वर उचलला की सगळ्यांनी पुढं सरकायचं. कपाळावर हात मारला की उजा चुकली, हे मी न सांगताही उजाला कळायचं. सरावाला मी इतकी ओरडत असे की वसतिगृहात परत गेल्यावर मावशी म्हणायच्या, "चंदना, अगं हळू बोल, मी हितंच आहे."

कारंडे सरांना मौन म्हटल्यावर मोठं कौतुक वाटलं. ते मॅडमशी बोलताना स्वतःही खुणा करायला लागले.

विभागीय स्पर्धा सुरू झाली आणि आम्ही पहिली मॅच जिंकलो. नंतरचीही जिंकलो. उपांत्य मॅच जयसिंगपूरशी होती. आम्ही दोन गोलांनी पुढं होतो आणि थोडाच वेळ उरला होता. त्यांच्या मुलीनं लांबून उंच बॉल मारला. तो वाऱ्यावर वळत उजवीकडच्या खांबाकडं यायला लागला. मी "माझाऽऽ" म्हणून सुटले. उजाही मान वर करून मागं मागं पळत येत होती. तिनं ऐकलं नाही की ऐकूनही तिला थांबता आलं नाही, कोण जाणे. खांब तिच्या डोक्यामागं होता आणि मी समोरून तिच्यावर चालले होते.

"चंदे, सोऽऽड!"

तो आवाज माणसाचा वाटला नाही. गंजलेला पत्रा ओढून फाडावा तसा तो मैदानावरून आला. माझे पाय जागच्या जागी थांबले. बॉल आमच्या दोघींच्या मधनं गोलात गेला. उजाची पाठ खांबाला जेमतेम घासली, डोकं वाचलं. जयसिंगपूरच्या पोरी नाचायला लागल्या. मी रेषेकडं बघितलं. मॅडम लिंबाच्या झाडाकडं तोंड करून, बुंध्याला हात टेकून वाकल्या होत्या.

मॅच आम्ही जिंकलो. पण माझं मन त्यात नव्हतं. मुली पाणी प्यायला गेल्यावर मी त्यांच्याजवळ गेले. त्यांच्या डोळ्यांत पाणी होतं. मला वाटलं, पश्चात्तापाचं आहे.

"मॅडम, मौन मोडलं."

त्यांनी मान डोलावली.

"माझ्यामुळंच मोडलं. पण मोडलं म्हणजे प्रायश्चित्त घ्यावं लागतं."

त्यांनी भुवया वर केल्या.

"एक दिवस उपास. आणि दिवाळीनंतर आणखी एक महिना मौन. बस्तीत देवासमोर सांगायला लागतं. मी येते तुमच्याबरोबर."

मॅडमचे खांदे हलायला लागले. आवाज न करता त्या हसत होत्या. हसता हसता त्यांनी ट्रॅकसूटच्या बाहीनं डोळे पुसले, आणि माझा हात धरून चला अशी खूण केली.

बस्ती, म्हणजे आमचं जैन मंदिर, जवळच होती. मॅडमनी नळावर हातपाय धुतले. आत गेल्यावर कसं उभं राहायचं ते मी त्यांना दाखवलं. मूर्तीसमोर हात जोडून मी त्यांच्या वतीनं मोठ्यानं सांगितलं की मॅडमचा नियम अजाणता मोडला, एका मुलीला वाचवताना मोडला, आणि त्या दिवाळीनंतर महिनाभर मौन वाढवतील. तिथल्या पंडितजींनी वळून बघितलं. बस्तीत इतक्या मोठ्यानं मी कधीच बोलले नव्हते. मॅडम डोळे मिटून उभ्या होत्या. बाहेर आल्यावर पायरीवर बसून त्यांनी बुटाची नाडी बांधली, आणि मग माझ्या बुटाचीही बांधली. ती सुटली होती हे माझ्या लक्षातच आलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी त्यांनी खरंच उपास केला. उजाच्या डब्यातली पुरी पुढं आली तर त्यांनी माझ्याकडं बोट दाखवून मान हलवली.

"धन्य आहेस बाई," उजा मला म्हणाली. "प्रशिक्षक त्या आहेत का तू?"

अंतिम मॅच गडहिंग्लजशी. तिथल्या पोरी फुटबॉल खेळतच मोठ्या होतात. पूर्वार्धात आम्हाला मधली रेषासुद्धा नीट ओलांडता आली नाही. मध्यंतरात मॅडमनी आम्हाला जवळ घेतलं. एकेकीच्या हनुवटीला हात लावून तोंड वर केलं, बस एवढंच. कारंडे सर बाजूला चष्मा पुसत उभे होते. मुली त्या चष्म्याकडं बघत होत्या. काय पुसलं जातंय ते सगळ्यांना ठाऊक होतं.

उत्तरार्धातही त्यांचाच जोर होता. माझे गुडघे फुटले, कोपर सोलवटलं. अगदी शेवटी एक कॉर्नर आला. मी "माझाऽऽऽ" म्हणून उडी घेतली, आणि ह्या वेळी सगळ्या पोरी बाजूला झाल्या. बॉल हातात आला. मी रेषेकडं बघितलं. मॅडमनी डावा हात लांब केला होता, अगदी बोटं ताणून.

"उजेऽऽ, डावीकडनंऽऽ!"

मी जोर लावून बॉल मारला. उजा पळाली. पुढचं मला नीट दिसलं नाही, त्यांची गोलकीपर पुढं आलेली दिसली, आणि मग सगळ्या पोरी उजाच्या अंगावर पडलेल्या दिसल्या.

मॅच संपली तसं आम्ही मॅडमना उचललं. त्या इतक्या हलक्या झाल्या होत्या की मला नवल वाटलं. उपासानं असेल, असं मनात आलं. कारंडे सर चष्मा हातात धरून रडत होते आणि भेटेल त्याला सांगत होते, "टीम राहिली, टीम राहिली."

"मॅडम, आज तरी बोला!" उजा ओरडली.

"एक शब्द, मॅडम! एकच!"

"बोला! बोला! बोला!"

आम्ही त्यांना खाली उतरवलं. त्यांनी गोल फिरून एकेकीकडं बघितलं. मग ओठ उघडले. श्वास आत घेतला. त्यांच्या गळ्याची शीर ताठ झालेली मला दिसली.

"मॅडम, नियम!" मी म्हणाले.

सगळ्या माझ्याकडं वळल्या.

"दिवाळी व्हायचीय अजून. नंतर तो महिना आहे. आता एवढ्यासाठी नका मोडू."

ओरडून ओरडून माझा आवाज मोठा झाला होता. मैदानाच्या पार त्या टोकापर्यंत गेला असेल. मॅडमनी ओठ मिटले. माझ्याकडं बघून हसल्या. मग माझ्या डोक्यावर हात ठेवून तो केसांवरून खाली आणला, लहान मुलीला करतात तसा.

"तू ना चंदे, दीक्षाच घे," उजा चिडून म्हणाली.

दुसऱ्या दिवशी सकाळी बस्तीत अभिषेक झाल्यावर मी वाटीत गंधोदक, अभिषेकाचं ते पाणी, घेऊन मॅडमच्या घरी गेले. मंगळवार पेठेतलं त्यांच्या भावाचं घर. दाराला कुलूप होतं. शेजारच्या बाईंनी सांगितलं, सगळी मिरजेला दवाखान्यात गेलीत. वाटी शेजारी ठेवून मी एसटी पकडली.

दवाखान्याच्या वऱ्हांड्यात मॅडमच्या वहिनी बाकावर बसल्या होत्या. मांडीवर मॅडमचा निळा ट्रॅकसूट घडी करून ठेवलेला. दसऱ्याला मॅडमना सोनं द्यायला गेले होते तेव्हा मी त्यांना बघितलं होतं.

"काकू, मॅडम कुठं आहेत?"

"आत न्हेलंय. सकाळीच." त्यांनी माझ्याकडं बघितलं. "तू ती गोलातली न्हवं? बस."

"काय झालंय त्यांना?"

"तुम्हाला म्हाईत न्हाई?" त्यांनी ट्रॅकसूटवरून हात फिरवला. "घशात गाठ हाय तिच्या. वाईट गाठ. दसऱ्याला हितंच आणलं होतं. डॉक्टर म्हणालं, आत्ताच्या आत्ता काढूया. ही म्हणती, मॅचा होऊ देत. तिच्या भावानं हात जोडलं, म्या पदर पसरला. म्हणती, वहिनी, आत्ता मी आत गेले तर त्या पोरींचं मैदान जातंय. कॉलेजला कळलं तर दुसऱ्या दिवशी टीम मोडतील."

"पण त्यांनी तर मौन..."

"कसलं मौन गं? डॉक्टरनं बोलायचं बंद केलं होतं तिला. बोललीस तर जास्ती होईल म्हणून."

वऱ्हांड्यात कुणीतरी फरशी पुसत होतं. ओल्या फडक्याचा वास येत होता.

"गाठ काढली की बोलतील ना?" मी विचारलं.

"आवाजाची पेटीच काढणार हायती, बाळ. सगळीच." ट्रॅकसूटची बाही सरळ करत त्या म्हणाल्या, "काल आली ती हसतच आली. भावाला म्हणाली, जिंकलो. आवाज कसला त्यो, नुसतं वारं. म्या म्हटलं, पोरींशी बोललीस काय, आता उद्या... तर नुसती हसली."

दुपार झाली. काकूंनी डबा उघडून माझ्यापुढं धरला. मला खाववलं नाही. दार उघडलं तेव्हा दिवस मावळत आला होता.

दिवाळीनंतर मी त्यांना भेटायला घरी गेले. उजा दारापर्यंत आली, आत यायचं तिला होईना. मॅडम खिडकीपाशी बसल्या होत्या. गळ्याला पुढं भोक होतं आणि त्याच्यावर पांढऱ्या मलमलीचं फडकं बांधलेलं होतं. श्वास आता नाकातोंडातनं नाही, तिथनं चालायचा. त्यांनी मला शेजारी बसवलं. माझा हात हातात घेतला. मी ठरवून गेले होते की विचारायचं नाही. तरी विचारलं.

"मॅडम, त्या दिवशी काय बोलणार होता?"

त्यांनी माझ्याकडं बघितलं. मग कपाळाजवळ बोटं उडवली. विसरले, अशी खूण. आणि ताटलीतली करंजी उचलून माझ्या हातात दिली.

त्यानंतर मॅडम आणखी तीन मोसम मैदानावर आल्या. चौथ्याला आल्या नाहीत. आता त्यालाही खूप वर्षं झाली.

पण त्यांचा परत आल्यानंतरचा पहिला दिवस सांगायचा राहिला. जूनमधली सकाळ. टीममध्ये नव्या पोरी इतक्या आल्या होत्या की दोन ओळी कराव्या लागल्या. कारंडे सरांनी छोटासा सत्कार ठेवला होता. शाल दिली, नारळ दिला, आणि मग खिशातनं एक डबी काढली. सर इतके खूश होते की त्यांना डबी उघडेना.

"मॅडम, मी मुद्दाम शोधून आणलीय," ते म्हणाले. "परदेशी आहे. एवढंसं फुंकलं तरी पार त्या टोकाला ऐकू जाते. आता तुम्हाला बोलायचा त्रासच नको."

डबीत चकचकीत शिट्टी होती. लाल गोफाची.

सरांच्या लक्षात आलं नव्हतं. खरं सांगायचं तर आमच्या कुणाच्याच लक्षात आलं नव्हतं. मॅडमनी शिट्टीकडं बघितलं, सरांच्या तोंडाकडं बघितलं. गोफ गळ्यात घातला. आम्हाला पळायला ओळीत उभं केलं. शिट्टी ओठांत धरली. गाल जरासे फुगले.

काहीच वाजलं नाही. गळ्यावरचं पांढरं फडकं तेवढं फुगलं आणि खाली बसलं.

"नवी आहे, अडकली असेल," कारंडे सर घाईघाईनं म्हणाले. "उद्या बदलून आणतो."

मॅडमनी हो म्हणून मान डोलावली, जसं काही शिट्टीतच खोट होती. सर चष्मा काढायला लागले.

ओळीत कुणी हललं नाही. उजानं माझ्याकडं बघितलं, मी तिच्याकडं. मग ती पळायला लागली. तिच्यामागं मी, माझ्यामागं नव्या पोरी, काय झालं ते न कळताही सगळ्या. मैदानाच्या कडेनं आम्ही पळत गेलो आणि पळताना मान वळवून मॅडमकडं बघत राहिलो. टाकीपाशी पोचलो तेव्हा त्यांनी शिट्टी पुन्हा ओठांना लावली.

फडकं हललं. आम्ही सगळ्या वळलो.